जपानी आल्प्स: दिवाळीच्या सुट्टीत यारीगाताके जमेल का?

रंकाळाकाठ: आम्ही चौघं कोल्हापूरचे. दाजीपूर, विशाळगड, कळसूबाई झालंय, बर्फावर कधी चाललो नाही. जपानी आल्प्सच्या हिदा, किसो, अकाइशी या तीन रांगांत नेमका फरक काय? आणि दिवाळीच्या सुट्टीत, म्हणजे नोव्हेंबरच्या पहिल्या पंधरवड्यात, हिदामधला यारीगाताके (३१८० मी.) करता येईल का?

कातळवाट: यारी तेव्हा नको. कामिकोची, म्हणजे जिथून चाल सुरू होते ती दरी, तिथली बस १५ नोव्हेंबरपर्यंत चालते, त्यावरून वाट चालू आहे असं वाटतं आणि तिथेच लोक फसतात. माथ्यावर बर्फ ऑक्टोबरातच सुरू होतो आणि सुळक्याखालचं मुक्कामाचं घर नोव्हेंबरच्या सुरुवातीला बंद होतं. शेवटचा चढ शिड्या आणि साखळ्यांचा. त्यावर बर्फ गोठला की क्रॅम्पॉन (बुटाला बांधायचे खिळे) आणि आइस अ‍ॅक्स (बर्फाची कुऱ्हाड) वापरता येणाऱ्यांचंच ते काम.

अंतराचा अंदाज: कामिकोची सुमारे १५०० मीटरवर, म्हणजे कळसूबाईच्या (१६४६ मी.) माथ्यापेक्षा थोडंच खाली. तिथून योकोओपर्यंत ११ किमी अझुसा नदीकाठची जवळजवळ सपाट वाट, तीन तास. खरा चढ त्यापुढे. त्यामुळे पहिल्या दिवशी योकोओच्या पुढच्या यारीसावा लॉजवर थांबायचं, माथा दुसऱ्या दिवशी.

घाटमाथा४१६: फरकाचं मूळ समुद्रात आहे. हिवाळ्यात सायबेरियाचे कोरडे वारे जपान समुद्रावरून येताना बाष्प उचलतात आणि हिदा रांगेवर बर्फ ओततात. गगनबावड्याला ढग रिकामे होतात आणि शिरोळला पाऊस कमी, तसंच हे. हिदामधल्याच तातेयामा डोंगराच्या रस्त्याकडेची बर्फाची भिंत काही वर्षी २० मीटरपर्यंत जाते. तातेयामा-त्सुरुगी भागात हिमनद्या आहेत हे मात्र २०१२ मध्येच मान्य झालं.

अकाइशी प्रशांत महासागराकडे, म्हणून बर्फ कमी आणि जंगल दाट. डोंगर अंगाने रुंद, दऱ्या लांब, माथ्यापर्यंतची चाल कंटाळवाणी होईल इतकी. किताडाके (३१९३ मी.) इथलाच, फुजीनंतरचा सर्वांत उंच. समुद्रतळाचा गाळ दाबून वर आलेली ही रांग, इथे ज्वालामुखी नाहीत. हिदामध्ये आहेत: याकेडाके ज्वालामुखीच्या १९१५ च्या उद्रेकाने अझुसा अडली आणि ताइशो तळं झालं. तिकडे जाण्याआधी जपानी हवामान खात्याचा ज्वालामुखी इशारा बघाच.

किसो सर्वांत लहान, ग्रॅनाइटची.

रंकाळाकाठ: मग त्या सुट्टीत काहीच नाही?

कातळवाट: आहे की. किसोचा रोपवे २६१२ मीटरवर सेंजोजिकीला सोडतो. हिमनदीने कोरलेली वाटी तिथून समोरच दिसते. पण काही मिनिटांत ९५० मीटर चढल्याने डोकं दुखतं, म्हणून वर पोचल्यावर तासभर थांबून मगच हलायचं. बर्फ असेल तर वाटीतच फिरा, कोमागाताकेच्या (२९५६ मी.) खिंडीचा उभा चढ नको. तातेयामाचा बस-रोपवे मार्गही नोव्हेंबरअखेरपर्यंत चालतो.

यारीच हवा असेल तर जुलैअखेर ते सप्टेंबर. जूनपासूनचा त्यांचा पाऊस तोवर सरतो. दुपारी विजा होतात, त्यामुळे तीनच्या आत मुक्कामी पोचायचं. ऑगस्ट-सप्टेंबरात वादळं येतात, एखादा दिवस राखीव ठेवा.

घाटमाथा४१६: मुक्कामाच्या घरांचं आरक्षण आधीच करा, रोख येन जवळ ठेवा. शाकाहारी असाल तर तयारीने जा, तिथल्या सूपमध्येही बहुधा मासळीचा अर्क असतो. गॅसचा डबा विमानात चालत नाही, तो वाटेतल्या मात्सुमोतो शहरात घ्या.