मदत हवी आहे: काकांचं सुपर ८ रीळ, बहुधा ऑल्टमॉन्टचं (१९६९)

नमस्कार मंडळी,

माझे धाकटे काका १९६८ मध्ये शिकायला बर्कलीला गेले होते. गेल्या वर्षी ते वारले. पुण्यातल्या घरी त्यांचं कपाट आवरताना दोन छोटी रिळं सापडली. भोकं बारीक आहेत आणि प्रत्येक चौकटीच्या मधोमध येतात, म्हणजे सुपर ८ (त्या काळची घरगुती कॅमेऱ्याची ८ मिमी फिल्म) असावं. एका डबीवर पेन्सिलीनं लिहिलंय, ‘६ डिसें. ६९, ट्रेसीजवळ’.

ही तारीख रोलिंग स्टोन्स या ब्रिटिश रॉक बँडच्या, कॅलिफोर्नियात ट्रेसी गावाजवळच्या ऑल्टमॉन्टच्या मोफत कार्यक्रमाची. जागा ऐनवेळी बदलली, सुमारे ३ लाख लोक आले आणि उताराच्या तळाशी जेमतेम मीटरभर उंचीचा मंच. मंचाभोवती हेल्स एंजल्स ही मोटरसायकलवाल्यांची टोळी. दुपारीच जेफरसन एअरप्लेन या बँडच्या गायकाला, मार्टी बॅलिनला, त्यांनी बेशुद्ध होईतो मारलं. रात्री स्टोन्स गात असताना मेरेडिथ हंटर हा १८ वर्षांचा मुलगा मंचासमोरच भोसकला जाऊन मेला. काकांनी आम्हाला एवढंच सांगितलं होतं, ‘गाडी लांब होती, अंधारात चालत परत आलो.’ पुढे विचारलं की विषय बदलायचे.

२०२२ मध्ये लायब्ररी ऑफ काँग्रेसनं अशाच एका अनामिक प्रेक्षकाचं सुमारे २६ मिनिटांचं मूक चित्रण लोकांसाठी खुलं केलं. ते पाहिल्यापासून मला झोप नाही. भिंगातून पहिली हातभर फिल्म पाहिली: पिवळट टेकड्या, रस्त्याकडेला लावलेल्या गाड्या, माणसंच माणसं.

अडचण अशी की डबी उघडली की व्हिनेगरसारखा आंबट वास येतो, म्हणजे फिल्म नासायला लागली असावी. फिल्म थोडी वळलीही आहे. शेजारच्या आजोबांकडे जुना प्रोजेक्टर आहे आणि ते ‘लावून तर बघू’ म्हणतात, पण आकसलेल्या फिल्मची भोकं त्यात फाटतील अशी मला भीती वाटते. मी तूर्त नकार दिलाय. बरोबर केलं ना?

पुण्यामुंबईत सुपर ८ चौकट-चौकट स्कॅन करणारं, आणि असं नाजूक रीळ हाताळलेलं, कुणी माहीत आहे का? लॉ कॉलेज रस्त्यावरच्या चित्रपट संग्रहालयात घरगुती रिळांबद्दल कुणी चौकशी केली आहे का? तोवर डबी बंद ठेवू की वास जायला थोडी उघडी? दुसरं रीळ त्याच्यापासून वेगळं केलंय.

आणि एक. त्यात तो मारहाणीचा प्रसंग निघालाच, तर आधी कुणाला दाखवावं? आईला वाटतं, काकांनी ते दडवून ठेवलं होतं, आपण उघडू नये. मला मात्र ते नासू द्यायचं नाहीये.