योकोइची गुहा: खरी ढासळली, मग नकली कशाला दाखवायची?

घाटवाट: पॅसिफिक महासागरातल्या ग्वाम बेटावर तालोफोफो धबधब्यापाशी तिकीट लावून दाखवतात ती शोइची योकोइ या जपानी सैनिकाची गुहा म्हणजे प्रतिकृती. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेने 1944 मध्ये जपानकडून बेट परत घेतलं, तेव्हा जंगलात शिरलेला योकोइ 28 वर्षं लपून राहिला आणि 24 जानेवारी 1972 ला दोन स्थानिक शिकाऱ्यांच्या हाती लागला. त्याचं मूळ बीळ वादळात गेलं. माझं मत: प्रतिकृती बंद करा, मूळ जागी साधी पाटी लावा. लोक नकलेपुढे फोटो काढून खरं बघितल्याच्या समाधानात परततात.

बेटकरी: अजिबात पटलं नाही. पाटी वाचून बीळ कळत नाही. सात-आठ फूट खोल, आत लांबी नऊ फुटांच्या आसपास, उंची जेमतेम तीन फूट. म्हणजे उभं राहणं विसरा. वर बांबूचा झुपका, त्याच्या मुळांनी माती धरलेली, तोंडावर बांबूचंच झाकण. हे आकार डोळ्यांसमोर आल्याशिवाय 28 वर्षं या आकड्याला अर्थ नाही.

घाटवाट: आणि ती प्रतिकृती टिकवणार कशी? मातीत पुरलेला कच्चा बांबू दमट हवेत दोन-तीन वर्षांत कुजतो, वाळवी लागते ती वेगळीच. कीड रोखायला बोरॅक्स-बोरिक ॲसिडच्या पाण्यात मुरवला तरी ओल्या मातीत ते मीठ धुपून जातं. टेकू सडले की छत खाली. बरं, माणसं आत सोडायची तर तोंड रुंद करा, हवा खेळवा, दुसरी वाट काढा. एवढं केल्यावर ते तळघर झालं की हो!

बेटकरी: आत सोडा म्हणतंय कोण? छेद कापून बाहेरून दाखवा. बांबू जमिनीपासून उचलून दगडावर टेकवा, वर पत्रा घाला, दर पावसाळ्यानंतर ठोकून बघा, भद्द आवाज आला की तेवढा बदला. यात अवघड काय?

रानमेवा: तुम्ही दोघं बांबूतच अडकलात. जुलै 1944 मध्ये याच बेटावर मालेसो गावाजवळ तिंता आणि फाहा इथे जपानी सैन्याने 46 चामोरो, म्हणजे बेटावरचे मूळ रहिवासी, मारले. हजारोंना मानेंगगोनच्या छावणीत चालवत नेलं. तिथल्या लोकांनी शत्रूच्या सैनिकाचं बीळ कौतुकाने का जपावं? शिवाय युद्ध संपल्याचं त्याला 1952 मध्येच पत्रकांवरून कळलं होतं. शरण जाण्याची लाज, म्हणून लपला.

बेटकरी: जपणं म्हणजे आरती ओवाळणं नव्हे. बिळाची मूळ जागा अमेरिकेच्या ऐतिहासिक स्थळांच्या यादीत आहे. लाज माणसाला कुठवर नेते, हेही तिथेच दिसतं. मूळचा शिंपी, जास्वंदीच्या कुळातल्या पागो झाडाच्या सालीचे धागे काढून त्याने कापड विणलं, कपडे शिवले. ते वगळायचं?

रानमेवा: वगळू नका. पण तिंता-फाहाची माहिती त्याच फलकावर, त्याच आकाराच्या अक्षरांत आणि जपानीतही हवी. तिथे येणाऱ्यांत जपानी पर्यटक मोठ्या संख्येने असतात.

घाटवाट: हे मान्य. फक्त फलकाच्या पहिल्या ओळीत ‘प्रतिकृती’ लिहा. तळाशी बारीक टायपात नको.