मदत हवी आहे: कमळाच्या टाकीतील जेलीसारखी अंडी आणि लाल अळ्या

नमस्कार. गच्चीवरील कमळाच्या टाकीत पाण्याच्या रेषेलगत पारदर्शक जेलीच्या पुंजक्यांत बारीक तपकिरी अंडी दिसतात आणि तळाच्या गाळात लाल अळ्या वळवळतात. डासांची अंडी अशा जेलीत नसतात व त्यांच्या अळ्या श्वासासाठी वर येतात. त्यामुळे हिमोग्लोबिनमुळे लाल दिसणाऱ्या, कमी प्राणवायूतही तगणाऱ्या या अळ्या न चावणाऱ्या कायरोनोमस चिलटांच्या असाव्यात, असे मला वाटते. गाळातील सेंद्रिय कण खाणाऱ्या या जिवांवर कीटकनाशक टाकण्याची माझी मुळीच इच्छा नाही. परंतु संध्याकाळी दिव्याभोवती जमणाऱ्या चिलटांमुळे आईचा दमा बळावतो. अंडी फुटण्यापूर्वी दर दोन दिवसांनी पुंजके काढणे पुरेसे ठरेल, की कोषावस्थेपूर्वी गाळही उपसावा लागेल? कमळाच्या कंदाला धक्का न लावता हे कोणी केले असल्यास कृपया पद्धत सांगावी.