अनुभव धागा: मुंबईच्या मध्यम लहरी (मीडियम वेव्ह रेडिओ), केंद्रापासून सेटपर्यंत

२३ जुलै १९२७ रोजी व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांच्या हस्ते मुंबईत इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीचं केंद्र सुरू झालं. २०२७ मध्ये त्याला शंभर वर्षं होतील. कार्यक्रमांच्या आठवणी पुष्कळांनी लिहिल्या आहेत. इथे यंत्राच्या बाजूने लिहू या. लहर, मनोरा, एरियल, सेट, बिघाड, ज्याला जे नक्की ठाऊक आहे ते, वर आपल्या भागाचं नाव टाकून.

गिरगाव
सुरुवात १९२३ च्या जूनपासून धरा. रेडिओ क्लब ऑफ बॉम्बेचं हौशी प्रक्षेपण तेव्हाचं. १९२७ च्या कंपनीचा ट्रान्समीटर दीड किलोवॉटचा, खात्रीचा पल्ला सुमारे ४८ किलोमीटर. म्हणजे कल्याण आणि पनवेल आत, कर्जत बाहेर. परवाना वर्षाला १० रुपये. भांडवल १५ लाखांचं ठरलेलं, जमलं ६ लाख. १९२९ अखेर देशभरात परवाने आठ हजारसुद्धा नव्हते. पल्ला तोकडा म्हणून परवाने कमी, आणि परवाने कमी म्हणून मोठ्या ट्रान्समीटरला पैसा नाही. १ मार्च १९३० ला कंपनी दिवाळ्यात निघाली, १ एप्रिलला सरकारने प्रसारण हातात घेतलं. ऑल इंडिया रेडिओ हे नाव आलं ८ जून १९३६ ला.

मालाड
गिरगावकर काका, पुढचा धागा मी धरतो. मुंबईकरांच्या डायलवर वर्षानुवर्षं बसलेले तीन आकडे म्हणजे, किलोहर्ट्झमध्ये, ५५८ (अस्मिता), १०४४ (संवादिता) आणि ११८८ (विविध भारती). तिन्हींना ९ ने भागा, बाकी शून्य येते. आपल्या भागात दोन केंद्रांतलं अंतर ९ किलोहर्ट्झ ठरलेलं आहे. ही आखणी नोव्हेंबर १९७८ पासून लागू झाली. त्याआधीच्या सेटच्या काचेवर बरेचदा मीटर छापलेले असतात. ३,००,००० ला किलोहर्ट्झने भागलं की मीटर मिळतात. ५५८ चे ५३८, १०४४ चे २८७, ११८८ चे २५३.

मनोरा लहरीच्या पाव भागाइतका धरला तर ५५८ साठी साधारण १३४ मीटर उंची लागते. मनोरा स्वतःच एरियल असतो, त्यामुळे अर्धं काम जमिनीखालच्या तारांचं. मनोऱ्याच्या पायापासून चहूकडे तांब्याच्या १२० तारा, प्रत्येक पाव लहर लांब, हा पाठ्यपुस्तकातला नेहमीचा हिशेब. तारा तुटल्या किंवा चोरीला गेल्या तर ट्रान्समीटर पूर्ण ताकद देतो, पण बरीचशी जमीन तापवण्यात जाते. मनोरे जिथे आहेत त्या मालाडच्या मालवणीसारखी खाडीकाठची खारट, ओली जमीन म्हणूनच सोन्यासारखी.

अलिबाग
खाऱ्या पाण्यावरून मध्यम लहर फार कमी झिजते, खडकाळ जमिनीवर झपाट्याने. त्यामुळे दिवसा मुंबई किनाऱ्याने खाली लांबवर स्वच्छ मिळते, तेवढ्याच अंतरावर घाटाआड मात्र दबते. मच्छीमारांसाठी हवामानाचे इशारे मध्यम लहरींवर देण्यामागचं बळ हेच. रात्री आकाशातून परतलेली लहर जमिनीवरच्या लहरीत मिसळते आणि आवाज वरखाली होतो. तो सेटचा दोष नाही, उगाच मागचं झाकण उघडू नका.

दादर
ट्रान्झिस्टर सेटची गोष्ट. आत फेराइटची कांडी असते, तीच एरियल. कांडी केंद्राच्या दिशेशी काटकोनात हवी. दादरला मालाड उत्तरेला, म्हणून कांडी पूर्व-पश्चिम. कांडीचं टोक ज्या दिशेला, तिथलं कमीत कमी ऐकू येतं. चार्जर किंवा एलईडी दिव्याचा खरखराट असेल तर टोक त्याच्याकडे वळवा. सिमेंटच्या इमारतीत सळ्यांची जाळी लहर अडवते, म्हणून सेट खिडकीपाशी ठेवा.

डायलवर केंद्र सरकलं असेल तर:
५५८ वर काटा ठेवून ऑसिलेटर कॉइलचा (सेटमधली स्वतःची लहर तयार करणाऱ्या कॉइलचा) गाभा फिरवा, केंद्र तिथे आणा. मग कांडीवरची कॉइल मिलिमीटरभर सरकवून आवाज वाढवा. आता ११८८ वर जा, तिथे फक्त गँगवरचे (काट्याबरोबर फिरणाऱ्या पात्यांच्या कपॅसिटरवरचे) ट्रिमर, म्हणजे छोटे जुळवणीचे स्क्रू. वरचं टोक जमलं की खालचं थोडं हलतं, म्हणून दोन-तीन फेऱ्या. स्क्रूड्रायव्हर प्लास्टिकचाच हवा, लोखंडी टोक जवळ आलं तरी ट्यूनिंग बदलतं. आयएफटी (सेटमधल्या मधल्या टप्प्याचे छोटे ट्रान्सफॉर्मर) ४५५ किलोहर्ट्झवर बसवलेले असतात. सिग्नल जनरेटर नसताना त्यांना हात लावूच नये. अंदाजाने फिरवून बिघडवलेले सेट खरोखर बिघडलेल्यांपेक्षा जास्त असतात.

ठाणे
दादरकर, गँगचंही सांगायला हवं होतं. मुंबईच्या खाऱ्या दमट हवेत गँगच्या दांड्याला टेकणाऱ्या पितळी पट्ट्यांवर हिरवा थर चढतो, काटा फिरवताना खरखर येते. आयसोप्रोपाइल अल्कोहोलचे दोन थेंब आणि मऊ ब्रश. पात्यांना चिमटा लावू नका, एक पातं वाकलं की डायलचा तेवढा भाग मुका.

व्हॉल्व्हचा (काचेच्या नळ्यांचा) सेट वर्षानुवर्षं बंद असेल तर थेट प्लगला कधीच लावू नका. ६० वॉटचा तारेचा पिवळा बल्ब (एलईडी नव्हे) सिरीजमध्ये घ्या. क्षणभर उजळून मंदावला तर ठीक. प्रखर राहिला तर आत शॉर्ट आहे, बहुधा फिल्टर कपॅसिटर. दुसरा चोर म्हणजे स्पीकर चालवणाऱ्या आउटपुट व्हॉल्व्हच्या ग्रिडवरचा (नियंत्रक जाळीवरचा) कागदी कपॅसिटर. तो गळला की ग्रिडवर धन व्होल्टेज येतं, व्हॉल्व्ह लालबुंद तापतो आणि आउटपुट ट्रान्सफॉर्मर घेऊन जातो. चांगला दिसला तरी बदला, तेवढ्याच कपॅसिटन्सचा ६३० व्होल्टचा फिल्म कपॅसिटर घाला.

यूसीएच ८१, यूसीएल ८२, यूवाय ८५ असे व्हॉल्व्ह दिसले तर मेन्सचा ट्रान्सफॉर्मर नाही असं समजा. चेसिसचा (आतल्या पत्र्याच्या सांगाड्याचा) थेट मेन्सशी संबंध असतो. आयसोलेशन ट्रान्सफॉर्मरशिवाय (सेटला मेन्सपासून वेगळा ठेवणाऱ्या ट्रान्सफॉर्मरशिवाय) झाकण काढू नका, आणि अशा चेसिसला अर्थिंगची तार बाहेरून जोडू नका. चाळीच्या गॅलरीतली तांब्याच्या जाळीची पट्टी एरियलच्या भोकातच लावा, आतला छोटा कपॅसिटर शाबूत असल्याची खात्री करून. तो शॉर्ट झालेला असेल तर जाळीवरही करंट येतो, आणि गॅलरीत ती पोरांच्या हाताच्या उंचीवरच असते.