अनुनादाने काळ मंदावणारे यंत्र: कथेतली सवलत की विचारातली चूक?

मंद्रसप्तक (धागाकर्ता):
मी लिहीत असलेल्या विज्ञानकथेतल्या यंत्रावरून दोन मित्रांनी माझे कान उपटले, म्हणून हा वाद येथे मांडतो. एका बंद खोलीत एकाच षड्जात लावलेल्या बारा तारा आहेत. बाहेरून छेडलेल्या सुराशी त्या जुळल्या की आतला काळ मंदावतो, इतका की बाहेर एक अहोरात्र उलटते तेव्हा आत जेमतेम एक घटका सरते. मित्रांच्या मते ही निव्वळ जादू असून तिला विज्ञानाचा अंगरखा चढवू नये.

मला तसे वाटत नाही, कारण काळ अचूक मोजणारी आपली साधने अनुनादावरच, म्हणजे जुळत्या वारंवारतेच्या कंपनाला मिळणाऱ्या दादेवरच, उभी आहेत. मनगटी घड्याळातला क्वार्ट्‌झचा स्फटिक नादकाट्याच्या आकाराचा असतो आणि सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो. १९६७ पासून तर सेकंदाची व्याख्याच सिझियमच्या अणूशी निगडित प्रारणाची ९,१९,२६,३१,७७० आवर्तने अशी आहे. १६६५ मध्ये आजारपणात अंथरुणावर पडलेल्या ख्रिस्तियान हायगेन्स यांना दिसले, की एकाच आधारावर टांगलेली दोन लंबकाची घड्याळे परस्परविरुद्ध दिशांना झुलत एकमेकांशी जुळतात, आणि मुद्दाम बिघडवली तरी अर्ध्या तासात पुन्हा तशीच जुळतात. जो अनुनाद घड्याळांना असे वळण लावतो, तो काळालाही वळण लावील, एवढी सवलत कथेला का मिळू नये?

लंबक:
मोजपट्टी उन्हाने लांबली म्हणून शेत आखूड होत नाही. पितळी दांडीचा लंबक उन्हाळ्यात लांबतो आणि घड्याळ मागे पडते, तेव्हा आपण घड्याळजीकडे जातो. काळ सुस्तावला असे कोणी म्हणत नाही. आपण घड्याळ आणि काळ यांची गल्लत केली आहे.

काळाचा खरा फरक कसा असतो, हे १९७१ मध्ये जोसेफ हाफले आणि रिचर्ड कीटिंग यांनी सिझियमची घड्याळे प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून दाखवले. जमिनीवरच्या घड्याळांच्या तुलनेत पूर्वेकडे गेलेली सुमारे ५९ नॅनोसेकंद मागे पडली आणि पश्चिमेकडे गेलेली सुमारे २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. हा फरक वेग आणि गुरुत्वाकर्षण यांनी पडतो, आणि ते निवड करत नाहीत. सिझियमचा अणू, प्रवाशाची नाडी आणि त्याच्या हातातला थंड होणारा चहा या सर्वांना ते एकाच मापाने वागवतात. अनुनाद मात्र स्वभावतःच निवडक असतो, आपल्या वारंवारतेचा सोबती सापडला तरच तो दाद देतो. जी गोष्ट निवड केल्याशिवाय घडतच नाही, तिच्याकडून सर्वांना सारखे वागवणारे काम कसे करून घेणार?

तारवाला:
माझा व्यवसाय तंबोरे दुरुस्त करण्याचा आहे, त्यामुळे अणूंविषयी मी बोलणार नाही. निवडकपणाची गोष्ट मात्र रोज पाहतो. दोन तंबोरे समोरासमोर ठेवावेत, एकाच्या जोडीच्या तारेवर कागदाचा चिमुकला घडीदार तुकडा बसवावा आणि दुसऱ्याची तीच तार छेडावी. सूर जुळला असेल तर कागद थरथरून उडतो, आणि खुंटी केसभर पिळली तर ढिम्म राहतो. येथवर लंबक यांचे म्हणणे मान्य आहे.

परंतु तंबोरा जवारीवर बोलतो. घोडीचा माथा किंचित गोलसर घासलेला असतो आणि खाली सरकवलेल्या दोऱ्यामुळे तार त्या उतारावर पुन्हा पुन्हा स्पर्श करत राहते. तार जेथे छेडली तेथे ज्या उपस्वरांचा (मूळ सुरासोबत निघणाऱ्या वरच्या सुरांचा) स्थिर बिंदू असतो, ते उपस्वर एरवी उमटू नयेत, तरीही तंबोऱ्यात ते स्पष्ट ऐकू येतात, हे सी. व्ही. रामन यांनी १९२१ मध्ये नोंदवले होते. खर्जाच्या तारेतून कोणी न लावलेला स्वयंभू गंधार येतो, तो याच कुळातला. म्हणजे अनुनाद एकाच सोबत्यावर अडून बसतो असे नाही. बारा तारा एकाच षड्जात लावण्याऐवजी चार तारांची उत्तम जवारी काढली असती तर यंत्र अधिक पटले असते, असे माझे मत आहे.

लंबक:
जवारीने सोबती वाढतात, सर्व जण सोबती होत नाहीत. शिवाय यंत्र स्वतःच्याच पायावर कुऱ्हाड मारून घेते. अहोरात्र आणि घटका म्हणजे साठपट. बाहेर सेकंदाला २४० कंपनांचा षड्ज छेडला आणि आतला काळ साठपट मंदावला, तर आत तो सूर १४,४०० कंपनांचा होऊन पोचेल. यंत्र चालू होताच बाहेरचा सूर आतल्या तारांशी विसंवादी होईल आणि अनुनाद तुटेल.

वाचनवेडी:
लंबक यांनी चूक म्हणून दाखवलेली ही जागाच मला कथेतली सर्वांत जिवंत जागा वाटते. उलट बाजूने पाहिले तर आतला षड्ज बाहेर सेकंदाला अवघ्या ४ कंपनांचा होऊन येईल, म्हणजे कानाला ऐकूच येणार नाही. बाहेरचा माणूस भिंतीला तळहात लावून तो संथ ठोका चाचपतो आहे, आणि आतला माणूस सुरात आहे की नाही हे त्याला कधीच कळणार नाही. यंत्र भौतिकशास्त्राला धरून आहे का, यापेक्षा लेखक स्वतःच्या नियमाचे परिणाम शेवटपर्यंत भोगतो का, हे मी वाचक म्हणून पाहते. मूळ मसुद्यात तो ते भोगत नव्हता.

मंद्रसप्तक:
साठपटीचा हिशेब मी केलाच नव्हता, हे कबूल करतो. छेडणारा आता खोलीच्या आतच बसवतो, म्हणजे तारा आणि बोटे एकाच मापाने मंदावतील आणि विसंवाद टळेल. निवडकपणाचा आक्षेप मात्र मी खोडणार नाही, कथेत वापरणार आहे: ज्या वस्तू सुराला दाद देतील त्याच मंदावतील, बाकीच्या नेहमीच्या गतीने जीर्ण होत राहतील.

लंबक:
मग ते काळाचे यंत्र राहिले नाही, वस्तूंना सुस्तावणारे यंत्र झाले. कथा चांगली होईल, पण शीर्षकातून काळ हा शब्द काढावा, एवढा आग्रह मी धरणारच.

तारवाला:
शीर्षकाचे काय ते तुम्ही दोघे पाहा. आतल्या माणसाची एक घटका म्हणजे २४ मिनिटे, आणि कथा पावसाळ्यात घडते असे दिसते. दमट हवेत एवढ्या वेळात खुंटी सरकून तार उतरू शकते. साऱ्या तारा अखंड छेडणाऱ्याला खुंटीसाठी तिसरा हात कोठून आणणार, ते आधी ठरवावे.