रंगमंचावर मे महिन्यातले ऊन कसे आणावे?

प्रश्न (जळगाव)
आमच्या एकांकिकेतील मुख्य प्रवेश रावेरकडच्या केळीच्या बागेत, मे महिन्याच्या भर दुपारी घडतो. सभागृहातले १००० वॅटचे बाराही हॅलोजन पूर्ण तेजाने लावून पाहिले. उजेड भरपूर पडतो, परंतु तो लग्नाच्या मांडवासारखा सपाट दिसतो आणि ४५ अंशांच्या उन्हाची धग काही जाणवत नाही. आणखी दिवे भाड्याने आणावेत का? प्रयोगाचे चित्रीकरणही करायचे आहे.

उत्तर (धुळे)
दिवे वाढवू नका, कमी करा. ऊन म्हणजे एकाच दिशेने येणारा प्रकाश आणि त्याची धारदार सावली. बारा दिशांनी आलेले दिवे एकमेकांच्या सावल्या पुसून टाकतात. लंडनच्या कॉव्हेंट गार्डन नाट्यगृहात १८३७ साली तापलेल्या चुन्याचा प्रखर दिवा रंगभूमीवर आला, आणि पुढे सूर्यकिरण दाखवण्यासाठी त्याचाही एकच झोत टाकला जाई.

मेच्या अखेरीस आपल्याकडे सूर्य माध्यान्ही जवळजवळ डोक्यावर येतो आणि सावली पायाशी गोळा होते. म्हणून दोन दिवे शक्य तितक्या उंचावर, नटाच्या किंचित मागे लावा आणि ते पूर्ण तेजावरच ठेवा, कारण डिमरने (तेज कमी-जास्त करण्याच्या बटणाने) उतरवलेला हॅलोजन तांबूस होतो व दुपारची संध्याकाळ करून टाकतो. पिवळे जिलेटिन (दिव्यापुढे लावायचा रंगीत पारदर्शक कागद) तर मुळीच लावू नका. हवे तर फिकट निळे लावा, मात्र गडद निळा कागद निम्म्याहून अधिक प्रकाश अडवतो. नटाच्या डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतील, त्यासाठी जमिनीवर मातकट-फिकट कापड अंथरा, म्हणजे सुक्या मातीवरून परततो तसा उजेड खालून चेहऱ्यावर येईल.

सर्वांत महत्त्वाचे म्हणजे आधीचा प्रवेश मंद उजेडात ठेवा. अंधाराला सरावलेल्या डोळ्यांना तेच दोन दिवे असह्य वाटतील.

उत्तर (भुसावळ)
कॅमेऱ्याचा डोळा असा सरावत नाही. एक्स्पोजर (किती प्रकाश टिपायचा ते) आणि व्हाइट बॅलन्स (कोणता प्रकाश पांढरा धरायचा ते) स्वयंचलित ठेवल्यास कॅमेरा आपण रचलेला फरकच बुजवील. म्हणून एक्स्पोजर उजळ चेहऱ्यावर आणि व्हाइट बॅलन्स ३२०० केल्विनवर, म्हणजे हॅलोजनच्या प्रकाशाच्या रंगावर, स्थिर करा. निळे जिलेटिन लावले तरी तो तोच ठेवा, नाहीतर निळसरपणा पुसला जाईल. एलईडी असतील तर कॅमेऱ्याचे शटर १/५० सेकंदावर ठेवा, अन्यथा चित्र लुकलुकण्याचा संभव असतो. अंतर दुप्पट झाले की प्रकाश एक चतुर्थांश उरतो, त्यामुळेच चित्रपटात ऊन दाखवताना मोठा दिवा फार दूर ठेवतात आणि नट हलला तरी उजेड फारसा बदलत नाही. सभागृहात तेवढे अंतर मिळणार नाही, तेव्हा नटांच्या हालचाली त्या मर्यादेत बसवा.

उत्तर (नंदुरबार)
बारा हॅलोजन म्हणजे २३० व्होल्टवर सुमारे ५२ अँपिअर. सभागृहाची जोडणी एवढा भार सोसते का, हे आधी विचारा. नेपथ्यात केळीची सुकी पाने असतील तर ती दिव्यांपासून लांबच ठेवा, कारण हॅलोजनच्या उष्णतेने ती पेटू शकतात.

प्रश्नकर्ता
मागून लावलेला दिवा पहिल्या रांगेच्या डोळ्यांत जाणार नाही ना?

उत्तर (धुळे)
दिव्याचे तोंड जवळजवळ सरळ खाली ठेवा आणि प्रेक्षकांकडचे बार्नडोअर (दिव्याच्या तोंडाची वळती झडप) वळवून झोत पुढच्या पडद्याच्या रेषेआधीच तोडा. तालमीत कोणाला तरी पहिल्या रांगेच्या दोन्ही टोकांना बसवून खात्री करून घ्या.