मंडप उठला की नाशिकच्या हातात काय उरतं?

सातपूरकर_काका

सकाळपासून तीन जणांनी मला 'गोदा_व्हायब्स'ची तीच पोस्ट पाठवली, म्हणून एकदाच लिहितो. पोस्टमधलं वाक्य जसंच्या तसं: "इव्हेंट ही नाशिकची नवी एमआयडीसी आहे. एक मोठा फेस्टिव्हल झाला की हॉटेलवाल्यापासून रिक्षावाल्यापर्यंत सगळे वर्षभराचं कमावतात. ट्रॅफिकचं रडगाणं गाणाऱ्यांनी खुशाल गावाकडे जावं."

बाळा, मी सातपूरला 31 वर्षं मशीनवर उभा राहिलो. 7 तारखेला पगार, पीएफ, ईएसआय, दिवाळीला बोनस. त्या पगारावर सिडकोत घर झालं, दोन पोरं शिकली. तिला एमआयडीसी म्हणतात. तुझ्या नव्या एमआयडीसीत माझा पुतण्या दोन दिवस होता. कुठल्याशा मोठ्या कॉन्सर्टला गेटवर लोकांच्या मनगटावरचे पट्टे तपासायला. दोन दिवसांत वडापाव तीन, खुर्ची शून्य. पैसे अडीच महिन्यांनी आले, तेही ठरल्यापेक्षा कमी, का तर टी-शर्टचे कापले. तो टी-शर्ट आता आमच्या घरी मोरी पुसायला आहे.

स्टेज मुंबईचं, साऊंड मुंबईचा, लाइट पुण्याचे, बाउन्सरसुद्धा ठाण्याचे. नाशिकचं काय होतं? पार्किंगच्या मळ्यात पिवळी दोरी धरून उभी असलेली पोरं आणि दुसऱ्या दिवशीचा कचरा.

आणि खर्चाची बाजू कुणी मांडतच नाही. कुंभमेळ्यात साधूंना उतरायला साधुग्राम हवं, त्यासाठी तपोवनातल्या झाडांवर कुऱ्हाड येणार म्हटल्यावर लोक रस्त्यावर उतरले, ती झाडं कुठल्या खात्यात धरायची?

लॉनवाले_भाऊ

काका, वयाचा मान ठेवून सांगतो, तुम्ही एका पुतण्यावरून अख्खा धंदा मोडीत काढताय. माझा मंडप आणि केटरिंगचा व्यवसाय आहे, वडिलांपासून. छत्रपती संभाजीनगर रोडला लॉन आहे. एका लग्नात किती घरांची चूल पेटते ते बघायला या एकदा. मंडपवाला, आचारी, वाढपी, फुलवाला, जनरेटरवाला, बँड, घोडीवाला, ब्युटी पार्लर, भटजी, फोटोवाला, पत्रिका छापणारा. सगळे इथलेच. मुंबईचा एक माणूस नाही त्यात.

इव्हेंटने काय मिळतं ते इव्हेंट बंद पडल्यावर कळतं. 2020 च्या मार्च ते मे माझ्याकडे 22 तारखा बुक होत्या. एकही लागली नाही. नंतर 50 माणसांची परवानगी आली, 50 माणसांना मंडप लागतो का हो? आमच्या साऊंडवाल्याने टेम्पोतले स्पीकर उतरवले आणि त्याच टेम्पोत टोमॅटो भरून इंदिरानगरात विकले. आचारी गावी गेला तो परत आलाच नाही. तेव्हा तुमची सातपूरची कंपनी महिन्या-दोन महिन्यांत सुरू झाली. आमची दोन सीझन गेली.

कॉलेजरोड_सीए

दोघेही वेगवेगळ्या गोष्टींबद्दल बोलताय, म्हणून मध्ये पडतो.

उलाढाल म्हणजे कमाई नव्हे. समजा गंगापूर रोडचं एक जोडपं फेस्टिव्हलला जाऊन चार हजार खर्च करतं. ते गेलं नसतं तर त्याच शनिवारी कॉलेज रोडला जेवलं असतं, सिनेमा पाहिला असता. म्हणजे नाशिकचाच पैसा या खिशातून त्या खिशात गेला. त्यातून कलाकाराचं मानधन आणि स्टेजचं भाडं मुंबईला गेलं, की शहर उलट तोट्यात. मुंबईहून आलेला माणूस रात्रभर राहिला, तर तो पैसा खरा नवा. म्हणून मोजायचा तो बाहेरून आलेला माणूस आणि त्याने इथे सोडलेला रुपया. गर्दी मोजून काही कळत नाही.

लॉनवाले भाऊ, याच न्यायाने लग्नं तुमच्यासाठी सोन्याची असली तरी शहरासाठी बहुतेक जागच्या जागी फिरणारा पैसा आहे. वधूपित्याने कर्ज काढलं असेल तर पुढची पाच वर्षं तो बाजारात कमी खर्च करणार.

पालिकेचंही तसंच. जकात गेली, तिच्या जागी आलेला एलबीटी (स्थानिक संस्था कर) गेला. आता सरकारकडून जीएसटीचं अनुदान येतं, ते आपल्याकडे किती तिकिटं खपली यावर ठरत नाही. थेट मिळतं ते मैदानाचं भाडं, आणि झाडलोट पालिकेच्या गळ्यात.

लॉनवाले_भाऊ

वा साहेब. म्हणजे मुंबईकराने माझ्याकडे जेवलं तर अर्थव्यवस्था, आणि सिन्नरच्या पाहुण्याने जेवलं तर खिशातला खिसा. एसीत बसून पाटावरची पंगत मोजू नका.

पंचवटीतली

खऱ्या नव्या पैशाची गोष्ट मी सांगते, सीए साहेब. सगळे बाहेरचेच होते तेव्हा.

2015 चा सिंहस्थ. आमचं गंगेजवळ, म्हणजे गोदावरीजवळ, पूजेच्या सामानाचं आणि तांब्या-पितळेचं छोटं दुकान. गंगाजळ न्यायचे छोटे गडू यात्रेकरू हमखास घेतात, म्हणून सासऱ्यांनी सोनं गहाण ठेवून माल भरला. पोत्यांमुळे आम्हाला घरात चालायला जागा नव्हती. 29 ऑगस्टची पहिली पर्वणी, म्हणजे मोठ्या स्नानाचा दिवस. पोलिसांनी असे बांबू बांधले की यात्रेकरू सोडा, आमच्या गल्लीत दूधवाला आला नाही. 2003 च्या चेंगराचेंगरीत 39 जीव गेले होते, तेव्हा बंदोबस्त हवा हे मलाही कळतं. पण बाहेरच्या पार्किंगपासून कित्येक किलोमीटर चालवत आणायचं, ठरलेल्या रस्त्याने घाटावर न्यायचं, दुसऱ्याच रस्त्याने बाहेर काढायचं. माणूस दुकानासमोर थांबणार कधी? सासरे दिवसभर गल्ल्यावर बसून होते. संध्याकाळी गल्ल्यात 340 रुपये, त्यातले 200 तर शेजारच्यांनीच घेतलेल्या कापराचे.

दुसऱ्या पर्वणीला, 13 सप्टेंबरला, बंदोबस्त सैल झाला आणि लोक आले. गडू खपले, नाही असं नाही. पण सोनं सोडवायला पुढची दोन वर्षं लागली. आता 2 ऑगस्ट 2027 ला पुन्हा अमृतस्नान आहे, आणि मोठा दीर आतापासून म्हणतोय, माल भरू या.

सातपूरकर_काका

ताई, अजिबात भरू देऊ नका.

मिसळ_मंडळ

एवढं सगळं वाचलं. मला सांगा, मुंबईकर नाशिकला कशासाठी येतो? सुला वाइनवाल्यांचा संगीत फेस्टिव्हल, सुलाफेस्ट, 2008 पासून आहे, मधली पाच वर्षं बंद होता, 2025 ला परत आला. त्या पाच वर्षांत मुंबईकर यायचे थांबले का? कोविडचे दिवस सोडले तर दर रविवारी सकाळी मखमलाबादकडे जाऊन बघा, एमएच झिरो वन ते झिरो फोर नंबरच्या गाड्यांची रांग. मिसळीला. स्टेज नाही, बाउन्सर नाही, परवानगी नाही. हा बारमाही इव्हेंट. मागच्या रविवारी माझा टोकन नंबर 64 होता.

जुनं_नाशिक

माफ करा, पण मळ्यातल्या त्या प्रकाराला मिसळ म्हणायचं? झोपाळा, बैलगाडी, उंट, सेल्फीला तुळशीवृंदावन. आणि रस्सा? लालभडक तर्री, काळ्या मसाल्याचा वासही नाही. मिसळ खायची तर उभ्याने, स्टीलच्या ताटलीत.

मिसळ_मंडळ

उभ्याने खाऊन किती लोकांना रोजगार मिळतो हो? मळ्यात पन्नास-पन्नास माणसं कामाला असतात.

जुनं_नाशिक

रोजगाराचा विषय काढून रश्श्याचं पाप झाकू नका. शिवाय शेवटी जिलबी. मिसळीवर जिलबी! हे कुठून आलं?

कॉलेजरोड_सीए

जिलबी माझ्या लहानपणापासून आहे.

जुनं_नाशिक

तुमचं लहानपण कॉलेज रोडला गेलं, तिथेच घोळ आहे.

मिसळ_मंडळ

पापड तरी मान्य आहे का, की तोही मुंबईहून आला?

जुनं_नाशिक

पापडाला हात लावायचा नाही. पापड आणि दही हे नाशिकचंच. इथे जो वाद घालेल त्याने पुण्याला जावं.

पुण्याची_माहेरवाशीण

मला का मध्ये ओढताय? मी फक्त वाचतेय.

लॉनवाले_भाऊ

मिसळवाल्यांचं एक मी मान्य करतो, नाइलाजाने. त्यांच्याकडे माणसं बाराही महिने राहतात. माझ्याकडे आखाड लागला की मंडप गोडाऊनमध्ये आणि पोरं बिगारीवर. माझे दोन चांगले वाढपी मिसळवाल्याने पळवले. पगार कमी देतो, पण रोज देतो.

सातपूरकर_काका

पाहिलंत? मी पहिल्या पोस्टमध्ये काय म्हटलं होतं.

लॉनवाले_भाऊ

तुम्ही टी-शर्टबद्दल म्हटलं होतं.

दिंडोरीची_बाग

शेतकऱ्याचं कुणी विचारणार नाही, म्हणून स्वतःच लिहितो. "फेस्टिव्हलमुळे द्राक्ष उत्पादकांना फायदा" हे वाक्य वाचून वाचून कंटाळलो. वाइनची द्राक्षं करारावर असतात, भाव आधी ठरतो. माझी आहेत खायची. माझा भाव व्यापारी बागेत येऊन ठरवतो, आणि एखाद्या वर्षी व्यापारी चेकसकट गायब होतो. स्टेजवर कोण गातं याच्याशी त्याचा संबंध नाही.

उलट एका वर्षी फेब्रुवारीत ऐन काढणीत शनिवारी पिकअप भरून पॅकहाऊसला निघालो. पुढे गाड्याच गाड्या, खिडकीतून हात बाहेर काढून नाचणारी पोरं. अडीच तास. एक्सपोर्टचा माल, लवकर प्रीकूलिंगला, म्हणजे थंड करायला, जायला हवा. क्रेटवर ओलं गोणपाट टाकून मी रस्त्यात उभा. पॅकहाऊसच्या माणसाने घड उचलला, देठ वाकवून पाहिला, काही बोलला नाही, नुसता बाजूला ठेवला. त्या वर्षी तेवढा माल लोकल बाजारात गेला.

आणि 2021 चं साहित्य संमेलन आठवतंय ना, आडगावचं? 3 डिसेंबरला सुरू होतं आणि आदल्या दिवसांत अवकाळी आला. सगळ्यांना काळजी मंडपाची. आमच्या फुलोऱ्यातल्या बागेत गळकूज झाली.

पण खोटं बोलणार नाही. माझ्या मेव्हण्याने गंगापूर धरणाच्या बाजूला चार खोल्या बांधल्या. शनिवार-रविवार भरतात. त्याच्या बायकोने द्राक्षापेक्षा थालीपिठावर जास्त कमावलं यंदा. ती म्हणते, दाजी, तुम्ही पण दोन खोल्या काढा. मी अजून रागात आहे.

कॉलेजरोड_सीए

मेव्हण्याच्या खोल्या हेच मी म्हणत होतो. रात्र मुक्काम झाला की पैसा मुरतो. दोन दिवसांच्या स्टेजपेक्षा तो टिकाऊ. पण प्रामाणिकपणे सांगायचं तर लोकांना धरणाचा रस्ता आधी वाइनने आणि फेस्टिव्हलनेच दाखवला. हा फायदा माझ्या हिशोबात बसत नाही, म्हणून तो नाहीच असं मला म्हणता येत नाही.

लॉनवाले_भाऊ

ऐका! सीए साहेब हरले.

कॉलेजरोड_सीए

जे समजायचं ते समजा. बाकी तुमच्या धंद्याचं खरं दुखणं वेगळं आहे, उधारी. खासगी लग्नाचे पैसे वेळेवर येतात, पण मोठ्या इव्हेंट कंपनीकडे तुमचे किती अडकलेत?

लॉनवाले_भाऊ

साडेसहा लाख. एका कॉर्पोरेट कार्यक्रमाचे. आठ महिने झाले. "हेड ऑफिसला फाइल आहे."

कॉलेजरोड_सीए

उद्यम नोंदणी, म्हणजे लघुउद्योगाची सरकारी नोंदणी, आहे ना? 2006 च्या एमएसएमई कायद्याने 45 दिवसांच्या आत पैसे द्यावे लागतात, नाहीतर बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज. तक्रार ऑनलाइन करता येते. कागद पाठवा, मी फुकट करून देतो.

लॉनवाले_भाऊ

नोटीस पाठवली की पुढचं काम दुसऱ्याला. तुमचं व्याज मिळेल, तारीख जाईल. पण मनापासून आभार, उपरोधाने नाही.

सातपूरकर_काका

आठ महिने उधारी. आणि याला म्हणे नवी एमआयडीसी. भाऊ, वाईट वाटून घेऊ नका, पण तुमचे आठ महिने अडकतात तेव्हा तुमच्या वाढप्यांचं काय करता?

लॉनवाले_भाऊ

काका, हाताखालच्या माणसाचे पैसे त्याच रात्री. रोख. शेवटची पंगत उठली की गाडीच्या बॉनेटवर पाकिटं वाटतो. माझं येवो न येवो. वडिलांची शिकवण आहे.

पेठरोडचा_गोट्या

भाऊ नमस्कार. त्याच रात्री ना? दिवाळीनंतरच्या तीन तारखा बाकी आहेत माझ्या. दोन लग्नं आणि ते कॉर्पोरेट.

सातपूरकर_काका

…

लॉनवाले_भाऊ

गोट्या, इथे नको. इनबॉक्स कर.

पेठरोडचा_गोट्या

चार वेळा केलाय भाऊ. निळ्या टिका पडल्यात.

लॉनवाले_भाऊ

उद्या सकाळी नऊला लॉनवर ये.

पेठरोडचा_गोट्या

नऊला नाही जमणार, मखमलाबादला आहे. रविवार ना, टोकन वाटायला मीच असतो. तीनला सुटतो, मग येतो.